पाण्यावर पाणी मारणारा पाइप

मित्रांनो, मी एक म्हातारा रबरी पाइप. कधीकाळी हिरवा होतो, आता रंगाचं विचारू नका. पोटाला तीन-चार ठिकाणी सायकलच्या ट्यूबच्या पट्ट्या बांधल्यात आणि तोंडाशी एक तार आवळलीय. पण तुम्ही बसलाच आहात समोर, तर माझी गोष्ट ऐकून जा.

माझा जन्म भोसरीच्या एका कारखान्यातला. मशीनमधून मी बाहेर यायला लागलो तो थांबेचना. शेपूट अजून भोसरीत आणि तोंड आळंदीला पोचलं. तिथे इंद्रायणीत डोकं घालून मी पोटभर पाणी प्यालो, तेव्हा कुठे मालकाच्या लक्षात आलं आणि त्यानं मशीन बंद केलं. मग मला कापून कापून तुकडे केले. माझे बाकीचे भाऊ शेतात गेले, नर्सरीत गेले, एक तर म्हणे लग्नाच्या कार्यालयात ताटं धुतो. खोटं वाटत असेल तर भोसरीला जाऊन विचारा. कारखाना आता तिथे नाही, पण तुम्ही विचारा.

मी आलो बोहरी आळीतल्या एका दुकानात. तिथून दशरथ सरांनी मला विकत घेतलं. सर एका जुन्या व्यायाम मंडळाच्या पोहण्याच्या तलावावर मुलांना सूर मारायला शिकवायचे. साधा सूर नव्हे हं, उंच फळीवरून उडी, हवेत कोलांट्या, गिरक्या आणि मग पाण्यात सुई शिरल्यासारखं शिरायचं. त्याच्या स्पर्धा असतात. दुकानदारानं विचारलं, पाइप बागेला हवा का. सर म्हणाले, नाही, तलावावर पाणी मारायला. दुकानदारानं त्यांच्याकडे नीट बघितलं आणि म्हणाला, मग दोन न्या, एक मारायला आणि एक सुकवायला.

हसा तुम्ही पण. सगळेच हसतात. पण माझं काम काय होतं ते आधी समजून घ्या, नाही तर पुढचं काहीच कळायचं नाही. तलावाचं पाणी शांत असलं ना, की ते काचेसारखं होतं. वरून बघितलं तर सरळ तळाच्या फरश्या दिसतात. मधे पाणी आहे की नाही, पत्ता लागत नाही. काठावर उभं राहून तुम्हाला फरक पडत नाही. पण जी मुलगी हवेत उलटीपालटी फिरतेय, तिला डोळ्याची पापणी लवते तेवढ्या वेळात कळावं लागतं की पाणी नेमकं कुठे सुरू होतंय. तिथे तिला अंग सरळ करायचं असतं. चुकलं तर ते पाणी राहत नाही, फरशी होते. म्हणून फळीच्या बरोबर खाली मला कठड्याला सुतळीनं बांधायचे आणि नळ सोडायचे. माझी धार पाण्यावर पडली की पाणी थरथरायचं आणि वरून दिसायला लागायचं. बस्स. एवढंच माझं काम. आणि माझं पाणी पडायचं कुठे? तलावातच. एक थेंब बाहेर जायचा नाही.

त्या कामाची मला फार घमेंड होती. खडकवासल्याचं धरण निदान तीन वेळा माझ्या पोटातून गेलंय. एका उन्हाळ्यात एक बेडूक माझ्यात राहायला आला. वर्षभर उड्या बघून बघून तो इतका तरबेज झाला की मंडळाच्या कमिटीनं त्याला मेंबर करून घ्यायचं ठरवलं, पण त्याच्याकडे दोन फोटो नव्हते. आणि माझ्या फवाऱ्यात संध्याकाळच्या उन्हात इंद्रधनुष्य पडायचं. एकदा ते बाळकाकांच्या टकलाला चिकटलं. घासलं, साबण लावला, निघेचना. घरी जाताना चौकात सगळ्या रिक्षा त्यांच्याकडे बघून थांबल्या. सिग्नल समजून पुण्यात कोणी थांबलं ते तेवढंच.

बाळकाका म्हणजे आमच्या तलावाचे जुने मेंबर. बँकेतून रिटायर झालेले, बुधवार पेठेतून रोज संध्याकाळी चालत यायचे. माणूस वाईट नाही हं. पाण्याच्या बाबतीत फार जपून. घरी अर्ध्या बादलीत आंघोळ. पेल्यात उरलेलं पाणी तुळशीला. पेपरात धरणाचा आकडा आला की तो मोठ्यानं वाचून दाखवणार, आणि तलावावर कोणी शॉवरखाली जास्त वेळ उभं राहिलं तर विचारणार, घरी मोटर बिघडलीय का. जिथे तिथे पाट्या लावायची हौस. त्यांच्या अक्षरातली पाटी वाचली की माणसाला चूक केली नसली तरी केल्यासारखं वाटायचं.

आणि मला बघितलं की त्यांच्या कपाळावर आठी. सर सुतळी बांधत असले की ते नेहमी म्हणायचे, काय दशरथराव, तर्पण सुरू झालं वाटतं. सर हसून गप्प बसायचे. समजावून सांगायला हवं होतं, पण रोजच्या चेष्टेला रोज कोण उत्तर देणार?

मग तनुजा आली.

विश्रांतवाडीच्या पलीकडचं गाव, शहरात गेलेलं. तिच्या वडिलांचं, जयसिंग यांचं, तिथे शेत होतं आणि शेतात विहीर. पोरगी चालायला लागली तशी विहिरीत मुटके मारायला लागली. पुढे शेत बिल्डरला गेलं, विहीर बुजली, वर इमारती उभ्या राहिल्या. पोरगी घरात थांबेना, म्हणून आई, मैनाबाई, तिला बस बदलून बदलून आमच्या तलावावर घेऊन आली. पहिल्याच दिवशी कोणाला न विचारता ती फळीवर चढली आणि तिनं असा मुटका मारला की काठावरच्या सगळ्यांचे टॉवेल भिजले. सर ओरडले, आणि मग तिला बाजूला घेऊन विचारलं, भीती नाही वाटली? ती म्हणाली, “विहिरीत पाणी लांब असतंय. हितं तर जवळच हाय की.”

सरांनी तिला माझी धार दाखवली. म्हणाले, पाणी थरथरतंय ना, ती तुझी जमीन. ती दिसली की सरळ व्हायचं. ती दिसत नसेल तर फळीवर चढायचंच नाही. तेव्हापासून फळीवर गेली की ती आधी माझ्याकडे बघायची.

काय सांगू तुम्हाला, मित्रांनो. वर्षं कशी गेली कळलं नाही. मैनाबाई रोज बाकावर बसून मटार सोलायच्या नाही तर मेथी निवडायच्या, आणि पोरगी वर-खाली, वर-खाली. एकदा तर ती फळीवरून अशी उडाली की पर्वतीवर फिरायला गेलेल्या लोकांनी तिला हात केला. मैनाबाईंचे मटार सोलून झाले, शेंगांची सालं टाकून झाली, पोरीचा अजून पत्ता नाही. खाली आली ती केसांत ढगाचा कापूस घेऊन. शाळेची पदकं झाली, जिल्ह्याची झाली, राज्याचं झालं. दर पदकाला मैनाबाई मलाही हळदकुंकू लावायच्या. नळाला लावायच्या आणि मग उरलेलं बोट मला पुसायच्या, पण मी ते माझंच धरायचो.

आता हसून झालं असेल तर नीट बसा. इथवर मी थोडं वाढवून सांगितलं. पुढचं वाढवायची गरज नाही.

ते वर्ष तनुजाचं दहावीनंतरचं. राष्ट्रीय स्पर्धेसाठी महाराष्ट्राचा संघ निवडायचा होता आणि निवड आमच्याच तलावावर होणार होती. जयसिंगरावांनी घरात सांगून टाकलं होतं, या वर्षी नाव आलं तर पुढे, नाही तर पुरे झालं, कॉलेज बघ. म्हणजे सगळं त्या एका दिवसावर. तिची एक उडी अजून बसत नव्हती. पाण्याकडे पाठ करून उभं राहायचं, मागे झेप घ्यायची आणि अडीच कोलांट्या. तीच उडी घटवायची होती आणि नेमके सर लहान मुलांना घेऊन स्पर्धेला सोलापूरला गेले. जाताना तिला बजावून गेले, सोप्या उड्या मार, ती मारायची असेल तर पाइप लाव.

पण तो कडक उन्हाळा होता. धरण तळाला गेलं होतं, पेठांत एक दिवसाआड पाणी. बाळकाकांच्या घरी ड्रम, बादल्या, पातेली सगळी भरून ठेवलेली. आणि इथे येऊन बघतात तर मी आपला पाण्यावर पाणी मारतोय. सर गावात नाहीत, ही संधी त्यांना बरी वाटली. त्यांनी मला नळावरून काढलं, व्यवस्थित वेटोळं करून ऑफिसशेजारच्या खिळ्याला अडकवलं आणि नळाची चावी काढून खिशात घालून घरी नेली. वर पाटी लावली. ‘भरलेल्या तलावात पाणी ओतणे हे बुद्धीचे लक्षण नव्हे. नळ बंद आहे. बंदच राहील.’ लोकांनी पाटीचे फोटो काढले. कमिटीच्या सेक्रेटरींनी तर पाठ थोपटली.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी तनुजा आणि मैनाबाई आल्या. वारा नव्हता. तलाव असा शांत की खालच्या फरश्या मोजाव्यात. तिनं आधी नळ बघितला, मग मला खिळ्यावर बघितलं, मग पाटी. बाळकाका बाकावर पाय पुसत बसले होते. ती त्यांच्याकडे गेली आणि अगदी हळू म्हणाली, “काका, नळाची चावी देता का? पाइप लावायचाय.”

“कशाला?”

“पाणी दिसायला.”

बाळकाकांनी एकदा तलावाकडे बघितलं, एकदा तिच्याकडे. “एवढा तलाव भरलाय, तो दिसत नाही? मग चष्मा लाव, बाळा.”

आजूबाजूचे चार मेंबर हसले. मोठ्या माणसांना उलटं बोलायचं नाही, असं त्या पोरीला घरून शिकवलेलं. तिचे कान लाल झाले. ती परत आईकडे येऊन बसली आणि म्हणाली, आज राहू दे, घरी जाऊ. मैनाबाईंनी मेथीची जुडी बाजूला ठेवली. दोन बस बदलून आलेली बाई ती. म्हणाली, “आलोय तर मार की दोन-चार. निवडीला किती दिस राह्यलेत?”

तिनं सोप्या उड्या मारल्या. नीट झाल्या. त्यामुळे तिला धीर आला. मग ती पाण्याकडे पाठ करून फळीच्या टोकाला उभी राहिली. मी खिळ्यावरून बघत होतो. मला हात नाहीत, तोंड आहे पण आवाज नाही.

ती छान उडाली. पहिली कोलांटी, दुसरी. तिसऱ्यांदा खाली बघितलं तेव्हा तिला फरशी दिसली असणार, नुसती फरशी, आणि पाणी अजून लांब आहे असं वाटलं असणार. ती सरळच झाली नाही. तोंडावर पडली. धोबीघाटावर ओली चादर आपटावी तसा आवाज आला.

बाळकाका म्हणाले, लागलं वाटतं. पण ती वर आली, हसली, काठाला धरून बाहेर पडली. डावा डोळा लालभडक. अशा चापट्या तिला लहानपणापासून बसलेल्या, कोणाला विशेष वाटलं नाही. बाळकाकांनीच पुढे येऊन सांगितलं, गुलाबपाणी घाला, थंड पडेल. आणि मैनाबाईंनी घरी जाऊन गुलाबपाणी घातलं, दुधाची पट्टी ठेवली.

पुढचं मला असंच तलावावरच्या बोलण्यातून कळलं, कारण ऑफिसशेजारच्या खिळ्यावर सगळं ऐकू येतं. त्या रात्रीपासून तिला त्या डोळ्यात वीज चमकल्यासारखं व्हायचं. काळे ठिपके तरंगायचे, डासांसारखे. तिनं आईला सांगितलं. मैनाबाईंना वाटलं, निवड जवळ आलीय, पोरगी लोकांच्या डोळ्यांवर आलीय. त्यांनी मीठमोहरी घेऊन दृष्ट काढली. मोहरी फार तडतडली म्हणे, म्हणून त्यांना बरं वाटलं की निघाली एकदाची. डॉक्टरकडे निवडीनंतर जाऊ, असं मायलेकींचं ठरलं. डॉक्टरनं उडी मारू नको म्हटलं असतं तर?

सर परत आले. पाटी वाचली आणि पक्कड आणून नळ उघडला, मला बांधलं. तनुजानं त्यांना पाण्याची चापट बसल्याचं सांगितलं, ठिपक्यांचं सांगितलं नाही. सरांनी डोळा बघितला, तोवर लाली उतरली होती.

निवडीच्या दिवशी मी जीव ओतून काम केलं. पाणी असं थरथरत ठेवलं की आकाशातून दिसावं. तीच उडी तिनं मारली. सुईसारखी शिरली. पाण्याला आवाज नाही. परीक्षकांतले एक जण उठून उभे राहिले. नाव आलं. मैनाबाईंनी पेढे वाटले, बाळकाकांनीही दोन घेतले आणि तिच्या डोक्यावर हात ठेवला.

पेढे वाटता वाटताच ती सरांना म्हणाली की डाव्या बाजूनं डोळ्यावर कोणीतरी पदर ओढल्यासारखं होतंय, अर्धं काळं दिसतंय. सरांच्या हातातला पेढा खाली पडला. त्यांनी तिला तसंच रिक्षात घातलं.

डोळ्याच्या आतला पडदा सुटला होता. डॉक्टर म्हणाले, पाणी आपटलं त्या दिवशी भोक पडलं असेल, विजा चमकायला लागल्या तेव्हा आणली असती तर नुसत्या लेझरनं भागलं असतं. त्यानंतरच्या प्रत्येक उडीनं तो आणखी सुटत गेला. निवडीच्या त्या उडीनंसुद्धा. एक ऑपरेशन झालं, मग दुसरं. दर वेळी तिला दिवसचे दिवस पालथं झोपवून ठेवलं, मान वर करायची नाही. संघ राष्ट्रीय स्पर्धेला गेला. ती उशीत तोंड घालून पडली होती.

आणि डॉक्टरांनी सांगितलं की फळी संपली. कायमची.

कमिटीची मीटिंग झाली. तिथे कोणी विचारलं नाही की नळ का बंद होता. सेक्रेटरी म्हणाले, नसती जोखीम कशाला, फळीच काढून टाका. फळी काढली. मला कामच उरलं नाही. आता मी सेक्रेटरींची गाडी धुतो. रोज सकाळी, पुढून, मागून, चाकांत. माझं पाणी फरशीवरून वाहत वाहत रस्त्यावरच्या गटारात जातं. कोणी पाटी लावत नाही. बाळकाका समोरून जातात, त्या पाण्याकडे बघतात आणि आत जातात. नळाची चावी त्यांनी केव्हाच आणून दिली होती. सरांच्या टेबलावर ठेवली आणि उभे राहिले. सर वहीत डोकं घालून बसले होते.

मध्यंतरी एकदा तनुजा आली. मैनाबाईंबरोबर, काळा चष्मा लावून. लॉकरमधलं सामान न्यायला. मैनाबाई आता बाकावर काही निवडत बसत नाहीत. हात मांडीवर ठेवून बसतात. बाळकाकांनी तिला लांबून बघितलं आणि जाऊ की नको असं करत तिच्याजवळ आले. तिला काय विचारावं कळेना, तेव्हा त्यांना येत होतं तेच बोलले. म्हणाले, “अगं, पण तू नीट सांगायचंस. मला काय माहीत?”

“सांगितलं होतं ना काका. पाणी दिसायला म्हणून.” ती रागानं बोलली नाही, हेच वाईट. “तुम्ही चष्मा लाव म्हणालात.”

बाळकाकांनी खाली वाकून तिची बॅग उचलली. मैनाबाईंनी ती त्यांच्या हातातून काढून घेतली.

जाताना तनुजा खोल तलावाच्या काठाशी थांबली. फळी नव्हती, फळीचे नुसते बोल्ट होते. ती सरांना म्हणाली, पाइप लावा ना जरा, एकदाच. सरांनी मला गाडीपासून ओढत आणलं. सुतळी नव्हती, म्हणून हातातच धरलं. धार पाण्यावर पडली. पाणी थरथरायला लागलं. तिनं चष्मा काढला, डावा डोळा हातानं झाकून बघितलं. मान हलवली. मग उजवा झाकला आणि डाव्यानं बघितलं. तशीच बराच वेळ बघत राहिली. म्हणाली, “बंद करा, सर.”

सरांनी बंद केलं. पाणी स्थिर झालं, काचेसारखं झालं. ती अजून उजवा डोळा झाकूनच उभी.

“या डोळ्याला काही फरक नाही,” ती म्हणाली. “याला ते हलतंच दिसतं. भिंतपण हलती दिसते. आईपण.”

मित्रांनो, मी पाइप आहे, मला शहाणपण शिकवायचा अधिकार नाही. पण तुमच्याकडे एवढंच मागतो. दुसऱ्याच्या कामातली एखादी गोष्ट तुम्हाला वेडेपणाची वाटली, तर ती बंद करायच्या आधी ज्याचं काम आहे त्याला विचारा, आणि तो सांगेल ते ऐकून घ्या. विनोद नंतरही करता येतो. आणि एखाद्या पोरीनं सांगितलं की डोळ्यात वीज चमकते, तर त्याच दिवशी डॉक्टरकडे न्या. मोहरी घरात राहू द्या, ती फोडणीला लागते.

चला, सेक्रेटरींची गाडी आली. मला जायला हवं.